50 तासांचा व्हॅल्युएशन कोर्स: 14,160 रुपयांत काय मिळालं

आधी निकाल सांगून टाकते, म्हणजे घाईतल्यांना पुढचं वाचायला नको. घर-जमिनीची किंमत ठरवायला शिकवणाऱ्या या कोर्सला पाचापैकी साडेतीन तारे. त्यातले दीड एकट्या वकील सरांचे, एक सरावपरीक्षांचा आणि उरलेला एक उगीचच. पास झाल्यावर माणूस जरा सढळ हाताने मार्क देतो.

संस्थेचं नाव लिहीत नाही. एक तर तिथल्या ऑफिसातल्या मॅडमशी अजून कामं पडतात. दुसरं म्हणजे इतर संस्थांतून हाच कोर्स केलेल्या चौघा-पाचजणांशी बोलले, तर त्यांचंही रडगाणं साधारण याच सुरातलं होतं.

मी सातारची. सांगलीच्या वालचंद कॉलेजातून 2001 साली सिव्हिल करून बाहेर पडले आणि पुढची 19 वर्षं बिल्डरांकडे काढली. आधी साइटवर, मुलगी झाल्यावर ऑफिसात बिलिंगला. 2020 मध्ये साइट बंद पडली, पगार अर्धा झाला, मग तो अर्धाही थकला. आमच्याच पेठेत एक व्हॅल्युअर, म्हणजे मालमत्तेची किंमत ठरवून देणारे, काका आहेत, आता 74 वर्षांचे, तीन-चार बँकांच्या पॅनलवर, म्हणजे काम देण्याच्या यादीवर. त्यांना टेपचं दुसरं टोक धरायला आणि रिपोर्ट टाइप करायला माणूस हवा होता. मी गेले. वर्ष-दीड वर्षानंतर एक दिवस सही करता करता म्हणाले, "अगं, हात थरथरतो आता. माझ्या सहीवर तू किती दिवस काढणार? स्वतःचं बघ की काहीतरी."

स्वतःचं बघायचं म्हणजे नेमकं काय, इथूनच घोळ सुरू होतो. लोक सरसकट 'गव्हर्मेंट अप्रूव्हड व्हॅल्युअर' म्हणतात, पण त्या नावाचं एकच असं लायसन नाही. काकांची नोंदणी 1957 च्या संपत्ती कर कायद्यातल्या 34 एबी कलमाखालची. तो कर 2015 च्या अर्थसंकल्पात गेला, पण त्या नोंदणीवर काकांच्या फायली चालूच राहिल्या. दुसरा रस्ता 2013 च्या कंपनी कायद्यातल्या कलम 247 चा. त्याचे नियम 2017 च्या ऑक्टोबरात आले आणि नोंदणीचं काम नादारी व दिवाळखोरी मंडळाकडे, म्हणजे आयबीबीआयकडे, दिलं गेलं. या रस्त्याने जाणाऱ्याला 'रजिस्टर्ड व्हॅल्युअर' म्हणतात. आणि बँकांचं पॅनल हे तिसरंच प्रकरण, प्रत्येक बँकेची चूल वेगळी. शेजारच्या वहिनींना तर वाटलं, मी फ्लॅट विकायची एजन्सी काढतेय. त्यांना सांगितलं, एजंटांना महारेराचं, म्हणजे राज्याच्या घरबांधणी नियामकाचं, प्रशिक्षण आणि परीक्षा वेगळी. एजंट गिऱ्हाईक आणतो, व्हॅल्युअर किंमत सांगतो. दोन्ही एकाच माणसाने केलं तर काय होईल ते तुम्हीच बघा.

मी दुसरा रस्ता धरला. त्यात मालमत्तेचे तीन वर्ग आहेत: जमीन व इमारत, यंत्रसामग्री, आणि शेअर-रोख्यांसारखी वित्तीय मालमत्ता. आपला पहिला. त्यासाठी सिव्हिल, आर्किटेक्चर किंवा टाउन प्लॅनिंगची पदवी आणि त्यानंतरचा पाच वर्षांचा अनुभव लागतो. पदव्युत्तर असाल तर तीन वर्षांचा. नुसत्या डिप्लोमावर चालत नाही, हे आमच्या जुन्या सुपरवायझरला सांगताना मला वाईट वाटलं, कारण त्याच्याइतकं काँक्रीट मलाही कळत नाही. मग मान्यताप्राप्त व्हॅल्युअर संघटनेचं, म्हणजे आरव्हीओचं, सभासद व्हायचं, त्यांचा 50 तासांचा कोर्स करायचा, मगच परीक्षेला बसता येतं. थोडक्यात, हा कोर्स घ्यावा का, हा प्रश्नच नाही. तो घ्यावाच लागतो. प्रश्न एवढाच, की सक्तीच्या 50 तासांत पदरात काय पडतं.

फी 12,000 रुपये, वर 18 टक्के जीएसटी, एकूण 14,160. सभासदत्वाचे पैसे वेगळे, परीक्षेचे वेगळे. फोनवर आधी 'ऑल इन्क्लुजिव्ह' सांगितलं होतं. विचारलं तर मॅडम म्हणाल्या, "कोर्सचं ऑल इन्क्लुजिव्ह, मॅडम." बरं.

2023 च्या जूनमध्ये चार शनिवार-रविवार, रोज सव्वासहा तास, सगळं ऑनलाइन. कॅमेरा चालू ठेवायचा, आणि तासातासाला चॅटमध्ये एक फॉर्म येणार, तो पाच मिनिटांत भरला नाही तर हजेरी गेली. घरात मी जेवणाच्या टेबलावर, मागे कुकर, आणि सासूबाई दर थोड्या वेळाने कॅमेऱ्यासमोरून वाकून जायच्या, जसं काही वाकलं की दिसत नाही. दुसऱ्या शनिवारी पाऊस आला आणि वीज गेली. मोबाइलवरून जोडेपर्यंत दीड तास बुडाला. हजेरी पूर्ण लागते, म्हणून तो दीड तास पुढच्या बॅचमध्ये भरायचा होता, आणि पुढची बॅच पाच आठवड्यांनी. दीड तासासाठी प्रमाणपत्र पाच आठवडे लटकलं. याचा अर्धा तारा मी सरळ कापलाय. तुम्ही गावाकडून करणार असाल तर इन्व्हर्टर आणि दुसऱ्या कंपनीचं सिमकार्ड ही कोर्सच्या फीमधलीच रक्कम धरा.

आता शिकवण्याकडे येऊ.

अर्थशास्त्राचे सर स्लाइड वाचायचे. मागणीची रेघ खाली, पुरवठ्याची रेघ वर, मध्ये फुली. दोन तास फुली. हिशेबनिशीच्या बाई चांगल्या होत्या, पण मला नावे-जमा बिलिंगमुळे आधीच येत होतं. संख्याशास्त्र, पर्यावरण वगैरे भरभर गेलं, ते तसंच जायला हवं होतं. सिव्हिलवाल्यांना नादारी संहिता का वाचायला लावतात, हे मात्र एका सरांनी नीट उलगडून सांगितलं. कंपनी बुडाली की तिच्या जमिनी-इमारतींची वाजवी किंमत आणि मोडीत काढताना येईल ती किंमत काढायला दोन रजिस्टर्ड व्हॅल्युअर नेमतात. दोघांच्या आकड्यांत फारच तफावत आली तर तिसरा बोलावता येतो आणि जवळच्या दोन आकड्यांची सरासरी धरतात. हे ऐकून मला पहिल्यांदा भीती वाटली. बँकेच्या गृहकर्जाच्या रिपोर्टात माझ्या आकड्याशेजारी दुसऱ्याचा आकडा कधी ठेवला जात नव्हता.

वकील सर तिसऱ्या रविवारी आले. पुण्याचे, निवृत्तीला आलेले, आवाज जरा घोगरा. स्लाइड नाही, काही नाही, नुसतं बोलणं. त्यांनी 1939 चा प्रिव्ही कौन्सिलचा, म्हणजे ब्रिटिश काळातल्या सर्वात वरच्या अपील कोर्टाचा, विझागपट्टमचा (आताचं विशाखापट्टणम) खटला सांगितला. बंदर बांधत होते, शेजारी एका जमीनदाराच्या जमिनीत बारमाही गोड्या पाण्याचा झरा. सरकारने जमीन घेतली. प्रश्न असा, की झऱ्याचे पैसे द्यायचे का? ते पाणी बंदराशिवाय दुसरं कोण विकत घेणार होतं? कौन्सिलने म्हटलं, गिऱ्हाईक एकच असलं आणि ते जमीन घेणारंच असलं, तरी जमिनीत असलेल्या शक्यतेला किंमत आहे, ती धरा. सर थांबले आणि म्हणाले, "आता तुमच्या गावातला असा झरा आठवा." चॅट पाच मिनिटं शांत. मला कोरेगाव रस्त्याचा एक तुकडा आठवला. दोन प्लॉटांच्या मध्ये चिंचोळा, एकट्याने बांधायला कुचकामी, पण शेजारच्या मालकाला मिळाला तर त्याचा अख्खा प्लॉट रस्त्याला लागतो. काका त्याला 'नडीचा तुकडा' म्हणायचे आणि दर वाढवून धरायचे. का वाढवायचा, हे रिपोर्टात कधी लिहायचे नाहीत.

दर का वाढवायचा, हे लगेच दुसऱ्या तासाला कळलं. चिमणलाल हरगोविंददास विरुद्ध विशेष भूसंपादन अधिकारी, पूना, सर्वोच्च न्यायालय, 1988. त्या निकालात तुलनेच्या व्यवहारांकडे कसं बघायचं याची जंत्रीच आहे. लहान तुकडा, रस्त्याला लागून, दर्शनी बाजू मोठी, आकार चौकोनी, वस्तीजवळ, तर अधिक. मोठं क्षेत्र, आतल्या बाजूला, दर्शनी कमी नि खोली जास्त, भराव घालावा लागेल इतकं सखल, तर वजा. आणि अधिकच्या बाजूला स्वच्छ लिहिलंय, शेजारच्या मालकाला असलेलं खास मोल. काकांचा नडीचा तुकडा! मी तो परिच्छेद प्रिंट काढून संध्याकाळी त्यांच्याकडे घेऊन गेले. चष्मा कपाळावर ढकलून त्यांनी दोनदा वाचला. मग म्हणाले, "हे तर मी 30 वर्षं करतोय." खरं होतं. फक्त त्यांच्या रिपोर्टात तिथे 'स्थानिक चौकशीवरून' एवढे दोनच शब्द असायचे.

कोर्सची माझ्यापुरती किंमत इथे वसूल झाली. त्या आठवड्यापासून मी 'स्थानिक चौकशीवरून' लिहायचं बंद केलं. नोंदणी विभागाच्या ई-सर्चवर फुकटात सूची दोन, म्हणजे नोंदवलेल्या व्यवहाराचा गोषवारा, निघते. तिथून तीन-चार व्यवहार काढायचे, तारीख, क्षेत्र, रस्ता, आकार यांची एक चौकट आखायची आणि प्रत्येकाला अधिक-वजा किती धरलं ते लिहायचं. रिपोर्ट दोन पानांचा सहा पानांचा झाला. एका बँकेच्या मॅनेजरसाहेबांनी विचारलं, एवढं कशाला? दुसऱ्या बँकेतून मात्र फोन आला, की हाच नमुना ठेवा. शिवाय तीन तारखा वेगळ्या लिहायच्या असतात, हेही मला तिथेच कळलं. पाहणीची तारीख, ज्या दिवसाची किंमत सांगतोय ती तारीख आणि रिपोर्टची तारीख. आम्ही तिन्हीकडे सहीची तारीख ठोकून मोकळे व्हायचो.

पद्धती शिकवणारे टाउन प्लॅनिंगमधून निवृत्त झालेले सर ठीक होते, गणितं मात्र छान घालायचे. खोल प्लॉटचे पट्टे पाडायची रीत त्यांनी फळ्यावर काढून दाखवली. समजा दर्शनी 20 मीटर आणि खोली 100 मीटर. पहिला 20 मीटरचा पट्टा पूर्ण दराने, त्यामागचा 30 मीटरचा दोनतृतीयांश दराने, उरलेला 50 मीटरचा निम्म्या दराने. 20 अधिक 20 अधिक 25, म्हणजे 100 मीटरचे खरे 65 मीटर. 2,000 चौरस मीटरच्या प्लॉटला किंमत 1,300 ची. बिल्डरकडे असताना अशा लांबट प्लॉटांचे सौदे बघितले होते. शेतकरी पूर्ण क्षेत्र गुणिले रस्त्याचा दर असा हिशेब करून बसायचा, आमचे बिल्डर मालक त्याला कमीत पाडायचे आणि मला वाटायचं मालक लुबाडतायत. थोडं लुबाडत होते, थोडं पट्ट्यांचं होतं.

भाड्यावरून किंमत काढायचं गणित मी घरी आमच्या पेठेतल्या एका वाड्यावर करून बघितलं. सहा भाडेकरू, दर महिन्याला प्रत्येकी 150. वर्षाचे 10,800. कर-दुरुस्तीला 30 टक्के वजा, राहिले 7,560. वर्षाला आठ टक्के परतावा धरून भांडवल काढलं तर साडेबारा पट, म्हणजे 94,500 रुपये. बाजारपेठेतल्या अख्ख्या वाड्याची किंमत एका स्कूटरएवढी! मालकांना सांगितलं तर त्यांनी चहा अर्धा ठेवला. अर्थात गणित तिथे संपत नाही, खालची जमीन, भाडेकरू उठले तर आणि पुनर्विकास झाला तर, हे सगळं त्यात येतं. पण 1999 चा भाडे नियंत्रण कायदा आणि वर्षाला चार टक्के वाढ, याचा अर्थ कागदावर एवढा उघडा मी आधी पाहिला नव्हता. कोर्सच्या नोट्समध्ये हे उदाहरण कुठल्या तरी 'शहर एक्स'चं होतं. आपल्या गल्लीतला वाडा घेऊन करा, डोक्यात राहतं.

आता तक्रारी. पहिली आणि मोठी तक्रार आचारसंहितेच्या तासाची. नियमांना जोडलेली आदर्श आचारसंहिता आहे, तिच्यात दोन गोष्टी नाव घेऊन बंद केल्यात. एक म्हणजे दुसऱ्याचं काम हिसकावणं, आणि दुसरी म्हणजे पार्टीच्या, म्हणजे गिऱ्हाइकाच्या, सोयीचं मूल्यांकन. काम फत्ते झालं तर अमुक फी, असंही ठरवायचं नाही. आमच्या धंद्यातला अख्खा रोग या दोन ओळींत आहे. गृहकर्ज जमवून देणारा मुलगा कोटेशन पाठवतो तेव्हाच सांगतो, "मॅडम, 48 बसवा." काढा नाही म्हणत, बसवा म्हणतो. 48 बसला नाही तर पुढची फाइल दुसऱ्या व्हॅल्युअरकडे. यावर वर्गात दोन तास चर्चा व्हायला हवी होती: नाही कसं म्हणायचं, लेखी काय ठेवायचं, बँकेला कुठल्या शब्दांत कळवायचं. झालं काय, तर आधीचा तास लांबला, जेवणाची सुट्टी तोंडावर आली आणि सरांनी 40 मिनिटांत सगळी कलमं वाचून दाखवली. नागपूरच्या एका इंजिनिअरने चॅटमध्ये विचारलं, 'पार्टीने आकडा आधीच सांगितला तर?' उत्तर आलं, 'फॉलो द कोड.' मग जेवायला सुटलो.

दुसरी तक्रार कागदपत्रांची. बॅच अख्ख्या देशाची. कोइंबतूरचा इंजिनिअर पट्टा-चिट्टा म्हणायचा, मी सातबारा म्हणायचे आणि सर 'रेव्हेन्यू रेकॉर्ड' म्हणून पुढे सरकायचे. त्यांचाही इलाज नव्हता. पण इथे काम करणाऱ्याचा गळा नेमका तिथेच अडकतो. 2022 मध्ये मी एका जमिनीचा रिपोर्ट टाइप करून ठेवला होता, क्षेत्र, दर, सगळं बरोबर. काकांनी सातबाऱ्यावर बोट ठेवलं: भोगवटादार वर्ग 2. म्हणजे विकायला सरकारची परवानगी, वर नजराण्याचा, म्हणजे त्यासाठी सरकारला भरायच्या रकमेचा, प्रश्न, आणि मी किंमत वर्ग 1 सारखी लावलेली. तो रिपोर्ट तसाच गेला असता तर? इतर हक्कांचा रकाना, फेरफार, हद्दीचा वाद, मोजणी नकाशातलं आणि जागेवरचं क्षेत्र, हे 50 तासांत कुठेच नाही. जागेवर जाणं तर नाहीच. घरमालक कपाटाची खोली उघडून दाखवत नाही तेव्हा काय करायचं, बाल्कनी आत घेतलेली असते ती कारपेट एरियात, म्हणजे घराच्या आतल्या वापराच्या क्षेत्रात, मोजायची का (नाही, रेराच्या व्याख्येत बाल्कनी बसत नाही), गच्चीवरून खालची भेग कशी ओळखायची, हे काकांच्या मागे चपला झिजवूनच आलं.

माझी मावसबहीण न्यू जर्सीत असते. तिकडे हाच धंदा करायला निघालीय, म्हणून आम्ही दोघी रविवारी फोनवर एकमेकींना कुढवतो. तिकडे शिकाऊ व्हायलाच किमान 75 तासांचं शिक्षण, लायसनला एकूण किमान 150 तास आणि वर 1,000 तास प्रत्यक्ष मूल्यांकनाचं काम, तेही किमान सहा महिन्यांत पसरलेलं आणि मान्यताप्राप्त सुपरवायझरच्या हाताखाली, प्रत्येक फाइलची नोंद ठेवून. तिचं घोडं सुपरवायझरपाशी अडलंय. कोणी शिकाऊ ठेवायलाच तयार नाही. उद्या हीच बाई माझी गिऱ्हाइकं नेणार, असं त्यांना वाटतं. आपल्याकडे उलटं. पाच वर्षांचा अनुभव मागतात, पण तो सिव्हिलचा. पाच वर्षं फक्त स्लॅब ओतणाऱ्याने एकही घर कधी मूल्यांकनासाठी मोजलेलं नसलं तरी तो पात्र. मी तिला म्हटलं, तुझे 1,000 तास मला दे, माझे 50 तू घे, दोघींचं सरासरीत भागेल.

संस्थेच्या सरावपरीक्षांना मात्र पूर्ण मार्क. आठ पेपर होते, संगणकावर, खऱ्यासारखेच. खरी परीक्षा दोन तासांची, 100 मार्कांची, पास व्हायला 60, आणि चुकलेल्या प्रश्नाच्या मार्कांतले 25 टक्के वजा. ही वजाबाकीच माणसाला खाते. पहिल्या वेळी मी बिल्डरच्या ऑफिसातल्या सवयीने एकही रकाना रिकामा सोडला नाही. 56.25. गुण लगेच हातात कागदावर मिळतात, त्यामुळे पुण्याहून सातारला येईपर्यंतचा पूर्ण खंबाटकी घाट त्या पावणेचार मार्कांवर चढले. शिवाय मी घरी सराव केला होता सायंटिफिक कॅल्क्युलेटरवर. तो आत नेऊ देत नाहीत, साधा दुकानदाराचा चालतो. चक्रवाढीत 1.08 चा दहावा घात काढायचा तर बरोबरचं बटण मोजून दाबायचं, आणि मध्येच शेजारचा खोकला की मोजणी चुकली. दहाव्या घाताचं उत्तर 2.1589 यायला हवं. मला 1.999 आलं, म्हणजे एक टिचकी कमी पडली होती, आणि पर्यायांत ते 1.999 वालं उत्तरही मुद्दाम ठेवलेलं. कोर्समध्ये हे कोणीतरी पहिल्या दिवशी सांगायला हवं होतं: 90 रुपयांचा कॅल्क्युलेटर घ्या आणि त्याच्यावरच हात बसवा.

दुसऱ्या वेळी, 2024 मध्ये, 11 प्रश्न सोडून दिले आणि 71 आले. काकांना फोन केला. म्हणाले, "मला बसवलं असतं तर मी नापास झालो असतो." नसते झाले. पण बरं वाटलं.

पुढची वाट कागदांची. पास झाल्यापासून तीन वर्षांच्या आत आयबीबीआयकडे अर्ज करावा लागतो, तो फॉर्म ए, आपल्या संघटनेमार्फत, फी 5,000 रुपये. अनुभवाचे दाखले सगळ्यात छळतात. माझा पहिला मालक धंदा गुंडाळून बसलाय, त्याने लेटरहेडच शिल्लक नाही म्हणून सांगितलं. सुदैवाने दुसऱ्याकडची वर्षं पुरली. हे वाचत असाल आणि नोकरी सोडायच्या बेतात असाल, तर राजीनाम्याच्या आधी दाखला मागून घ्या, 'काय काम केलं' हे सविस्तर लिहिलेला. नंतर कोणी ओळख देत नाही. आमच्या संस्थेने माझा अर्ज दोनदा परत पाठवला, एकदा फोटोच्या आकारावरून आणि एकदा पदवीवर आणि आधारवर नाव वेगळं म्हणून. लग्नानंतरच्या नावाची ही कटकट वर्गातल्या प्रत्येक बाईला झाली. त्यावर संस्थेकडे तयार उत्तर असायला हवं होतं. फोन तिसऱ्या वेळी लागतो, तो लागला की मॅडम मात्र नीट बोलतात, हे कबूल करायला हवं.

नोंदणी आली म्हणून कामं दाराशी आली, असं काही झालं नाही. जुनी जमीन विकणारे येतात, त्यांना 1 एप्रिल 2001 च्या दिवशीची किंमत हवी असते, भांडवली नफ्याच्या करासाठी. ती त्या दिवशीच्या मुद्रांक शुल्काच्या किमतीच्या वर धरता येत नाही, म्हणून तेव्हाचं रेडी रेकनर, म्हणजे जमिनीच्या सरकारी दरांची पुस्तिका, लागतं. काकांच्या कपाटात जुन्या पुस्तिका आहेत, वाळवीपासून वाचवलेल्या, आणि आमच्याकडे त्या रिपोर्टवर अजून त्यांचीच 34 एबीची सही जाते. माझ्या सहीवर आतापर्यंत कंपन्यांची चार कामं झाली. दोन बँकांच्या पॅनलला अर्ज दिलाय. एकीने तीन वर्षांचा व्हॅल्युएशनचा अनुभव मागितलाय, जो काकांच्या नावावर आहे.

मागच्या आठवड्यात शिक्का करायला टाकला. शिक्केवाल्याने मजकूर वाचला, लांबलचक नोंदणी क्रमांक दोनदा मोजला आणि विचारलं, "ताई, वर गव्हर्मेंट अप्रूव्हड टाकू का? सगळेच टाकतात." म्हटलं, नको, जे दिलंय तेवढंच. त्याने 350 सांगितले होते, शब्द कमी झाले म्हणून 300 घेतले.